दिवसा कस्टम्स, रात्री मिंग दरबार

दक्षिण चीनमधल्या ग्वांगदोंग प्रांतात शुंदे नावाचं गजबजलेलं औद्योगिक शहर आहे. तिथल्या कस्टम्सच्या कचेरीत शी युए नोकरी करत होते. जन्म 1979 चा, वूहानचा, शिक्षण कायद्याचं. 10 मार्च 2006 रोजी त्यांनी इंटरनेटवर मिंग राजवटीची (1368 ते 1644) हकिगत क्रमशः लिहायला घेतली. टोपणनाव घेतलं दांगन्येन मिंगयुए, म्हणजे 'त्या काळचा चंद्र'. शेवटचा भाग आला 21 मार्च 2009 ला. मधली तीन वर्षं कचेरी सुटल्यावर, रात्री बसून लिहायचं, हा त्यांचा नेम होता.

चीनमध्ये अशा लिखाणाची स्वतंत्र बोलीच तयार झाली आहे. नवी कादंबरी सुरू करणं म्हणजे 'खड्डा खणणं', ती पुरी करणं म्हणजे 'खड्डा बुजवणं'. अर्धवट सोडलेल्या कादंबरीला वाचक सरळ 'खोजा' म्हणतात. 2003 मध्ये चीत्येन या संकेतस्थळाने हजार अक्षरांमागे दोन-तीन पैसे (तिकडचे फेन) असा दर लावून कादंबऱ्या विकायला सुरुवात केली आणि रोजचा हप्ता हा पोटापाण्याचा प्रश्न झाला. एक दिवस चुकला की वाचक दार ठोठावणार. शी युए या बाजारात नव्हते, त्यांचं लिखाण फुकट वाचायला मिळत होतं. पण 'पुढचा भाग कधी?' हा तगादा त्यांच्याही मागे होताच. त्यातून अफाट वाचकसंख्येमुळे आकडे फुगवल्याचा आरोप झाला, भांडणं पेटली. तरी हप्ते येत राहिले.

पहिला हप्ता मुळातून बघावा असा आहे. मिंग घराण्याचा संस्थापक झू युआनझांग याची ओळख त्यांनी सरकारी नोंदपत्रक भरल्यासारखी करून दिली आहे. नाव, टोपणनाव, शिक्षण, व्यवसाय, आईवडील काय करत, कोणत्या सालापासून कोणत्या सालापर्यंत कोणतं काम. गुरं राखली, मठात राहून भिक्षा मागितली, बंडात शिरला, सम्राट झाला, सगळं रकान्यांत. सरकारी टेबलाशी बसणाऱ्यालाच हे सुचावं, असं मला मनापासून वाटतं. नोकरीने त्यांचा दिवस घेतला खरा, पण ही नजरही तिनेच दिली.

आणि हसत वाचावा अशा या मजकुराखाली केवढी बैठक आहे! मिंग घराण्याचा अधिकृत इतिहास 332 प्रकरणांचा, जुन्या अभिजात चिनीतला. दरबारी रोजनाम्यांचा पसारा त्याहून कितीतरी मोठा. शी युए इतिहासाचे प्राध्यापक नव्हते. लहानपणी वडिलांनी आणून दिलेल्या इतिहासाच्या गोष्टींपासून लागलेलं हे वेड होतं. नोकरी लागल्यावर त्यांनी ते सोडलं नाही, इतकंच.

या हप्त्यांचं पुस्तक झालं. त्याचे सात खंड निघाले, एक कोटीहून अधिक प्रती खपल्या. सर्वाधिक कमाई करणाऱ्या लेखकांच्या यादीत नाव झळकलं. शी युए मात्र सरकारी नोकरीतच राहिले. पुढे बीजिंगला गेले तेही कस्टम्सच्याच कामावर.

1644 मध्ये शेवटच्या मिंग सम्राटाने राजवाड्यामागच्या टेकडीवर गळफास घेतला. कुणीही तिथेच पडदा टाकला असता. पण या पुस्तकाचा शेवट शू श्याखपाशी होतो. ना राजा, ना सेनापती. सरकारी परीक्षांच्या मागे न लागता तीस वर्षं डोंगर-नद्या-गुहा पायी धुंडाळणारा माणूस. दिवसभर चालायचं आणि मुक्कामावर पोचलं की त्या दिवसाचं टिपण लिहायचं, ही त्याची रीत. अखेर युन्नानमध्ये पाय कायमचे गेले. लीजियांगच्या स्थानिक अधिपतीने माणसं देऊन त्याला डोलीतून शेकडो कोस दूर घराकडे रवाना केलं. 1641 मध्ये तो वारला. टिपणं मागे राहिली.