‘गो’चे दत्तक पोर

इंग्रजी शिकवण्यात माझी उभी हयात गेली. ‘गो’चा भूतकाळ ‘गोएड’ लिहिणारा मुलगा मला दर वर्षी भेटे. परीक्षेत फुली मारावी लागेच. पण त्याला मठ्ठ मी कुणाला म्हणू दिले नाही. नियम त्याला बरोबर समजलेला असे. इंग्रजांची पोरेदेखील लहानपणी हेच बोलतात!

खरे म्हणजे ‘वेंट’ हे ‘गो’चे पोटचे पोर नव्हेच. ‘वेंड’ म्हणजे वाट धरणे. ‘सेंड’चे ‘सेंट’, तसे ‘वेंड’चे ‘वेंट’. ‘गो’चा जुना, निराळाच भूतकाळ पंधराव्या शतकाच्या सुमारास मागे पडला आणि हे दत्तक पोर गादीवर बसले. बिचाऱ्या ‘वेंड’ला ‘वेंडेड’ असा नवा भूतकाळ करून घ्यावा लागला. गादीवरच्या पोराचा थाट तर पाहा: दूध ‘वेंट सावर’ म्हणजे नासले, ‘बेल वेंट’ म्हणजे घंटा वाजली.

इंग्रजांना हसण्यापूर्वी आपल्या माजघरात डोकवावे. आपण ‘जातो’ म्हणतो, पण ‘जाला’ नव्हे, ‘गेला’ म्हणतो. ‘जा’ आला संस्कृत ‘या’ धातूवरून, ‘गेला’ आला ‘गम्’च्या ‘गत’वरून. वर्गात हे फळ्यावर मांडले, तेव्हा एक मुलगी हळूच म्हणाली, ‘‘सर, आमचा बाळ अजून ‘आई जाली’ म्हणतो.’’