फाटकावरच्या माणसाचा मालक कोण?

मुंबईतील सहकारी गृहनिर्माण संस्थांच्या फाटकावर बसणारा वॉचमन कागदोपत्री सुरक्षारक्षक असला, तरी पहाटे पाण्याची मोटर सुरू करणे, टाकी वाहू लागण्याआधी ती बंद करणे, आल्यागेल्याची वहीत नोंद ठेवणे आणि रहिवाशांची पार्सले सांभाळणे हीही कामे त्याच्याच अंगावर पडतात. उत्तर प्रदेश, बिहार आणि महाराष्ट्राच्या ग्रामीण भागातून आलेल्यांबरोबर या कामात नेपाळी माणसेही पूर्वापार आहेत. 1950 च्या भारत-नेपाळ करारामुळे त्यांना येथे व्हिसाविना काम करता येते.

पाळी बहुधा बारा तासांची असते आणि रिलिव्हर, म्हणजे पुढच्या पाळीचा माणूस, आला नाही की तीच लांबत जाते. नेहमीच्या तासांपुढील कामाला दुप्पट मोबदला देणे कायद्याला अपेक्षित असताना अनेक ठिकाणी बारा तासांचा मिळून एकच ठोक पगार ठरतो. याचे मूळ संस्थेच्या हिशेबात आहे. वॉचमनचा पगार सेवाशुल्कात मोडतो आणि ते सर्व सदनिकांवर सारखे विभागले जाते. साहजिकच मेंटेनन्स, म्हणजे सदस्यांकडून घेतला जाणारा मासिक खर्च, वाढू नये या आग्रहापोटी सर्वांत कमी दर भरणाऱ्या एजन्सीची निवड होते. हुकूम सेक्रेटरीचा आणि पगार एजन्सीचा, अशा या व्यवस्थेत तक्रार घेऊन गेलेल्या माणसाला दोघेही एकमेकांकडे बोट दाखवू शकतात, आणि हीच त्याच्या नोकरीतील सर्वांत मोठी असुरक्षितता होय.

यावर महाराष्ट्राने उपाय शोधला नव्हता असे नाही. माथाडी कामगारांसाठी 1969 मध्ये झालेल्या कायद्याच्या धर्तीवर 1981 मध्ये खाजगी सुरक्षारक्षकांसाठी स्वतंत्र कायदा करण्यात आला. त्यानुसार सुरक्षारक्षक मंडळ रक्षकांची नोंदणी करून त्यांना कामावर पाठवते, मालकाने वेतन व लेव्ही, म्हणजे वेतनावरील ठरावीक अधिभार, मंडळाकडे भरायची असते, आणि त्या लेव्हीतून भविष्यनिर्वाह निधी, रजा, बोनस यांची तरतूद होते. मात्र संस्थेने थेट नेमलेला वॉचमन या कायद्याच्या व्याख्येत बसत नाही, तर एजन्सीच्या रक्षकांना सरकार त्यातून सूट देऊ शकते. मंडळाइतके किंवा त्याहून चांगले लाभ एजन्सी देत असावी, ही त्या सुटीमागची अट आहे. ती प्रत्यक्षात पाळली जाते का, हे पगाराची पावती मागूनच कळेल, आणि ती मागण्याचा अधिकार फाटकाच्या आत राहणाऱ्या सदस्यांनी वार्षिक सर्वसाधारण सभेत वापरायला हवा.