लाल माती ते हेलसिंकी : खाशाबांचं 1952 साल

आजचा विषय एका वाक्यात मावतो. खाशाबा जाधव यांनी 1952 साली हेलसिंकीला ब्राँझपदक मिळवलं, आणि स्वतंत्र भारताचं ते पहिलं वैयक्तिक ऑलिम्पिक पदक ठरलं. एवढं आपल्याला शाळेपासून पाठ असतं. आपण आज बघणार आहोत ते वेगळं. हे पदक नेमकं कसं मिळालं, आणि ते मिळायला काय काय लागलं?

आधी जागा बघूया. कराडजवळचं गोळेश्वर हे खाशाबांचं गाव. जन्म 15 जानेवारी 1926. वडील दादासाहेब स्वतः पैलवान, त्यामुळे तालीम घरातच होती. 1949 साली सातारा जिल्ह्याची वाटणी होऊन दक्षिण सातारा वेगळा झाला. त्यालाच 1960 साली सांगली हे नाव मिळालं. पण वाटणी झाली ती कचेऱ्यांची. कुस्तीच्या फडाला ही हद्द कधी कळलीच नाही. कराडचा पैलवान वाळव्याच्या जत्रेत लढणार, आणि सगळ्यांचे डोळे कोल्हापूरकडे. खाशाबाही कराडच्या टिळक हायस्कूलमधून कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात गेले.

त्या काळात अमेरिकेत कॉलेजच्या फुटबॉल संघाला पगारी प्रशिक्षक असत, हजारो माणसं बसतील अशी स्टेडियम असत. हंगाम म्हणजे मोठा व्यवहारच. आपल्याकडे कॉलेजच्या खेळाडूमागे काय होतं? तालमीतले वस्ताद, गावातले दुकानदार, आणि एखादा प्राचार्य. 1948 साली लंडनला जायला कोल्हापूरच्या महाराजांनी मदत केली. तिथे खाशाबा फ्लायवेट गटात सहावे आले. मॅटवरची कुस्ती त्यांना नवी होती, हे लक्षात घेतलं तर हा सहावा नंबर लहान नाही.

आता माती आणि मॅट यांत फरक काय, तो समजून घेऊ. आपल्या हौद्यात ताक, तेल, हळद, लिंबू घालून माती मऊ केलेली असते. पाय रुततो, पकड बसते. पाठ मातीला लागली की चितपट, निकाल झाला. तोपर्यंत घड्याळाकडे कोण बघतो? मॅटवर पायात बूट, वेळ मोजलेली, आणि पाठ लागली नाही तर त्या काळी तीन पंच ठरवत कोण जिंकलं. म्हणजे मातीतल्या पैलवानाला तिथे सगळंच परकं.

पण एक गोष्ट परकी नव्हती, आणि आमच्या मते तीच महत्त्वाची. त्या वेळी ऑलिम्पिकमध्ये ऋण गुणांची पद्धत होती. समोरच्याला चितपट केलं तर तुमच्या खात्यावर काही चढत नसे. पंचांच्या निकालावर जिंकलात, तरी थोडा तोटा होताच. हरलात तर जास्त. पाच ऋण गुण झाले की बाहेर. म्हणजे नियमच चितपट करणाऱ्याच्या बाजूचा! आणि मातीने खाशाबांना दुसरं काय शिकवलं होतं? बँटमवेट गटात, 57 किलोत, त्यांनी कॅनडाच्या पोलिक्विनला आणि मेक्सिकोच्या बासुर्तोला चितपट केलं.

शेवटी तिघं उरले की त्यांच्या आपसात कुस्त्या लावून पदकं ठरत. या तिघांत खाशाबा होते. जपानचे शोहाची इशी आणि सोव्हिएत संघाचे रशीद मामादबेयोव या दोघांकडूनही ते हरले. म्हणून कुणी विचारतं, ‘शेवटच्या दोन्ही हरले, मग पदक कसलं?’ उत्तर हे की पदक त्या शेवटच्या तिघांत पोचण्यातच होतं. इशींचं सुवर्ण हे त्या ऑलिम्पिकमधलं जपानचं एकमेव सुवर्ण होतं, तेव्हा गाठ कुणाशी होती ते बघा. दोन कुस्त्यांच्या मध्ये खाशाबांना हक्काची विश्रांतीही मिळाली नाही, आणि त्यांच्या बाजूने भांडायला भारताचा अधिकारी जवळ नव्हता, असं त्यांच्याबद्दल नेहमी सांगितलं जातं. त्याच हेलसिंकीत आपले केशव माणगावे फेदरवेट गटात चौथे आले. त्यांचं नाव आपण फारसं घेत नाही, ते घ्यायला हवं.

आता पैशाचं बघू. निवडीसाठीच खाशाबांना पतियाळाच्या महाराजांकडे दाद मागावी लागली. निवड झाली, तर प्रवासखर्च नाही. कराडकरांनी वर्गणी काढली. राजाराम कॉलेजचे प्राचार्य खर्डेकर यांनी स्वतःचं घर गहाण ठेवून 7000 रुपये दिले. पदक घेऊन परतल्यावर कराड स्टेशनपासून शंभराहून जास्त बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. आणि त्यानंतर? खाशाबांनी कुस्त्यांची मैदानं भरवली, स्वतः लढले, आणि त्या उत्पन्नातून गहाण घर सोडवलं. म्हणजे देशाचं पदक आणलं, आणि त्याचं कर्जही स्वतःच फेडलं.

1955 साली ते पोलिसात फौजदार म्हणून लागले. 14 ऑगस्ट 1984 रोजी रस्ता अपघातात ते गेले. अर्जुन पुरस्कार मिळाला तो मृत्यूनंतर.

त्यांच्यानंतर भारताला दुसरं वैयक्तिक पदक मिळायला 1996 साल उजाडावं लागलं, लिअँडर पेसचं. कुस्तीतलं पुढचं पदक 2008 साली, सुशीलकुमारचं. महाराष्ट्राला तर 2024 पर्यंत, कोल्हापूर जिल्ह्यातल्या स्वप्नील कुसाळेपर्यंत, थांबावं लागलं. 72 वर्षं! या मधल्या काळात आपल्याकडे गुणी माणसं नव्हती का? होती की. सांगलीच्या कवठेपिरानचे मारुती माने यांनी 1962 साली जकार्ताच्या आशियाई स्पर्धेत सुवर्ण जिंकलं. माती होती, कष्ट होते. नव्हती ती व्यवस्था. एखाद्या प्राचार्याच्या घरावर एक माणूस हेलसिंकीला जाऊ शकतो, दरवर्षी दहा जाऊ शकत नाहीत. घर गहाण ठेवल्याची गोष्ट आपण अभिमानाने सांगतो, सांगावीच. पण ती सांगताना, ते घर गहाण का ठेवावं लागलं, हेही विचारत जाऊया.