जगाचे ताट (भाग ९) : ब्राझीलची कोंबडी कुठे कुठे जाते

मागच्या भागात आपण ब्राझीलच्या मातो ग्रोसो राज्यातल्या सोयाबीनपर्यंत आलो होतो. त्या सोयाबीनचा मोठा हिस्सा जहाजात भरून चीनला जातो, हे आपण पाहिले. उरलेल्यातले बरेचसे देशातच गाळले जाते. तेल निघते, पेंड उरते. ती पेंड मक्यात मिसळून पाराना, सांता कातारिना आणि रिओ ग्रांदे दो सुल या दक्षिणेकडच्या तीन राज्यांतल्या कोंबड्यांच्या शेडमध्ये पोहोचते. तिथून पुढे तीही जहाजात चढते, पण मांस होऊन, उणे १८ अंश तापमानाच्या कंटेनरमध्ये.

२००४ मध्ये ब्राझीलने अमेरिकेला मागे टाकले आणि कोंबडीच्या मांसाच्या निर्यातीत पहिला क्रमांक मिळवला. तो त्याने अजून सोडलेला नाही. जगात एका देशातून दुसऱ्या देशात जाणाऱ्या या मांसापैकी एक तृतीयांशाहून अधिक मांस एकट्या ब्राझीलचे असते. २०२४ मध्ये त्याने सुमारे ५३ लाख टन मांस बाहेर पाठवले आणि त्याचे जवळपास एक हजार कोटी डॉलर मिळवले. एकूण उत्पादन दीड कोटी टनांच्या आसपास आहे, म्हणजे दोन तृतीयांश माल ब्राझीलचे लोक स्वतःच खातात. हा आकडा महत्त्वाचा आहे. परदेशी गिऱ्हाईक अचानक पाठ फिरवते तेव्हा माल जिरवायला घरची बाजारपेठ असते.

ब्राझीलची कोंबडी स्वस्त का, याचे उत्तर बहुतेक जण ‘मजुरी स्वस्त’ असे देतात. ते अपुरे आहे. ब्रॉयलर वाढवण्याच्या खर्चात साधारण दोन तृतीयांश वाटा एकट्या खाद्याचा असतो. पक्ष्याचे वजन किलोभर वाढवायला दीड ते पावणेदोन किलो खाद्य लागते आणि त्यात मुख्यतः मका आणि सोयाबीन पेंड असते. ब्राझीलमध्ये सोयाबीन काढल्यावर जानेवारी ते मार्चमध्ये त्याच शेतात मक्याचे दुसरे पीक पेरतात. त्याला तिथे ‘साफ्रीन्या’ म्हणतात, म्हणजे छोटा हंगाम. नाव छोटे, पण आज देशातला बहुतांश मका याच हंगामातून येतो. मक्याच्या एका टनाला मिळणाऱ्या पैशांच्या कित्येक पट पैसे मांसाच्या एका टनाला मिळतात. गोठवलेल्या कोंबडीचा व्यापार मुळात धान्याचा व्यापार आहे, हे एकदा लक्षात आले की पुढचे बरेच उलगडते.

मात्र धान्य अमेरिकेकडेही भरपूर आहे. ब्राझीलकडे आणखी दोन गोष्टी होत्या. शेतकऱ्याला कंपनीशी बांधणारी करार पद्धत, आणि कोंबडीच्या प्रत्येक अवयवाला वेगळे गिऱ्हाईक शोधण्याची चिकाटी.

करार पद्धतीची सुरुवात समजून घ्यायची तर सांता कातारिनाच्या पश्चिमेला कोंकोर्दिया या गावी जावे लागते. डोंगराळ मुलूख, इटालियन आणि जर्मन स्थलांतरितांच्या वंशजांची छोटी छोटी शेते. १९४४ मध्ये आत्तिलिओ फोंताना यांनी इथे सादिया ही कंपनी उभी केली. गावापासून साओ पावलो दूर, रस्ते खराब, मांस नासायचे. म्हणून फोंतानांच्या मुलाने, ओमार यांनी, विमानाने मांस पाठवायला सुरुवात केली. त्यातून १९५० च्या दशकात एक विमान कंपनीच जन्मली आणि पुढे ती ट्रान्सब्राझील या नावाने देशभर ओळखली गेली. बाजारापर्यंत माल ताजा पोहोचवण्याची ही धडपड पुढच्या सगळ्या इतिहासाच्या मुळाशी आहे.

१९६० च्या दशकात सादियाने आसपासच्या शेतकऱ्यांशी करार करायला सुरुवात केली. पिल्ले, खाद्य, औषध आणि पशुवैद्य कंपनीचा. शेड, वीज, पाणी आणि घरच्या माणसांचे कष्ट शेतकऱ्याचे. पक्षी पहिल्यापासून शेवटपर्यंत कंपनीच्या मालकीचे, शेतकऱ्याला मोबदला मिळणार तो वजन, मरतूक आणि खाद्याचा हिशेब पाहून. पुणे-नाशिककडे करारावर ब्रॉयलर वाढवणाऱ्या वाचकांना हे वर्णन वेगळे समजावून सांगायला नको. बॅच उचलली की कंपनीचा माणूस जो हिशेब मांडतो, तोच हिशेब तिकडेही आहे.

या पद्धतीने छोट्या शेतकऱ्याला बाजारभावाच्या चढउतारापासून वाचवले, हे खरेच आहे. त्याचबरोबर त्याला एकाच गिऱ्हाइकाच्या दारात उभे केले. शेडसाठी काढलेले कर्ज त्याच्या नावावर आणि पुढची बॅच कधी टाकायची याचा निर्णय मात्र कंपनीचा. ब्राझीलने २०१६ मध्ये या करारांसाठी स्वतंत्र कायदा केला. करारात काय काय लिहिलेच पाहिजे हे त्यात ठरवले आणि प्रत्येक कारखान्यामागे शेतकरी व कंपनी यांचे समसमान प्रतिनिधी असलेली समिती बंधनकारक केली. कायद्याने ताकद समान होत नाही, पण हिशेब विचारण्याचा हक्क कागदावर येतो, आणि मला तो फार मोलाचा वाटतो. आपल्याकडच्या करार शेतकऱ्यांच्या संघटनांनी हा कायदा मिळवून वाचावा.

निर्यात सुरू झाली १९७५ मध्ये. १९७३ नंतर तेलाचे भाव भडकले होते, आखाती देशांच्या हाती पैसा आला होता, शहरे उभी राहत होती आणि वाळवंटात धान्य पिकत नव्हते. ब्राझीलने त्यांना संपूर्ण कोंबडी पाठवली. आखाताची मागणी होती छोट्या पक्ष्याची, सव्वा किलोच्या आतबाहेरचा, एका कुटुंबाच्या एका जेवणाचा. मग त्यासाठी साधारण महिनाभरातच उचलायची वेगळी बॅच वाढवली जाऊ लागली. कत्तल हलाल पद्धतीने हवी म्हणून कारखान्यांत मुस्लिम कामगार नेमले गेले. त्यांत दूरदूरच्या देशांतून आलेले स्थलांतरितही आहेत. तपासणी करून शिक्का देणाऱ्या संस्था उभ्या राहिल्या. बहुसंख्य ख्रिस्ती असलेला हा देश जगातला हलाल कोंबडीचा सर्वांत मोठा निर्यातदार झाला. रत्नागिरी-रायगडमधून कुवेत, सौदी, दुबईला नोकरीला गेलेल्या घरांत ‘सादिया’ हे नाव त्यामुळेच ओळखीचे आहे. तिथल्या दुकानातल्या फ्रीझरमध्ये ती कोंबडी वर्षानुवर्षे आहे.

संपूर्ण कोंबडी विकणे त्या मानाने सोपे. खरे कसब तिचे तुकडे विकण्यात आहे. युरोपला छातीचे पांढरे मांस हवे असते. जपानला तंगडी लागते, पण हाड काढून, ठरलेल्या वजनाची, सुबक कापलेली, कारण कारागे म्हणजे तळलेल्या चिकनसाठी तिथे तेच मांस रसाळ मानतात. चीनला पंजे आणि पंख हवेत. जे पंजे इतरत्र कचऱ्यात किंवा पशुखाद्यात गेले असते, त्यांना चीनमध्ये चांगला भाव मिळतो. दक्षिण आफ्रिका हाडांवर उरलेले मांस यंत्राने खरवडून केलेला लगदा मोठ्या प्रमाणावर घेते आणि त्यातून गरिबांच्या जेवणातले पोलोनी सॉसेज बनते. एकाच पक्ष्याच्या छातीचा, तंगडीचा, पंजाचा आणि सांगाड्याचा भाव चार वेगवेगळ्या बाजारपेठांत ठरतो. त्यांतला एक भाव जरी कोसळला तरी उरलेल्या तीन अवयवांचे गणित बिघडते, कारण छातीशिवाय पंजे वाढवता येत नाहीत.

आता मिठाची गोष्ट. या व्यापाराचा स्वभाव तिच्यात सगळ्यात स्पष्ट दिसतो, म्हणून ती सविस्तर सांगतो.

युरोपीय संघाच्या आयातशुल्काच्या तक्त्यात बिनहाडाच्या गोठवलेल्या चिकनवर १०० किलोमागे १०२.४ युरो शुल्क होते. किलोला एक युरोहून जास्त. एवढ्या शुल्कात स्वस्त कोंबडीचा स्वस्तपणा संपतो. पण त्याच तक्त्यात ‘खारवलेले, वाळवलेले किंवा धुरी दिलेले मांस’ अशी एक वेगळी ओळ होती आणि तिथे शुल्क किमतीच्या फक्त १५.४ टक्के होते. १९९० च्या दशकाच्या उत्तरार्धात ब्राझील आणि थायलंडच्या निर्यातदारांनी छातीच्या मांसाला १.२ टक्क्यांहून थोडे अधिक मीठ लावले, ते गोठवले आणि या दुसऱ्या ओळीखाली पाठवायला सुरुवात केली. युरोपातले नगेट बनवणारे कारखाने पुढे मीठ घालणारच होते, त्यांची काही तक्रार नव्हती. सीमाशुल्क अधिकाऱ्यांनीही कित्येक वर्षे ते मान्य केले. आयात झपाट्याने वाढली.

२००२ मध्ये युरोपीय संघाने नियम बदलला. खारवलेले म्हणजे टिकवण्यासाठी मीठ लावलेले, हे मांस तर गोठवल्यामुळे टिकते, सबब ते गोठवलेल्या मांसाच्याच ओळीत, असा त्याचा युक्तिवाद. ब्राझील जागतिक व्यापार संघटनेत गेला, पाठोपाठ थायलंडही. सप्टेंबर २००५ मध्ये अपील मंडळाने अंतिम निकाल दिला. मीठ टिकवण्यासाठीच असले पाहिजे, अशी अट तक्त्यात कुठेही नाही. युरोप हरला. मग त्याने वाटाघाटी करून २००७ मध्ये तक्ताच बदलून घेतला. ब्राझीलला सुमारे १ लाख ७० हजार टनांचा कोटा १५.४ टक्के शुल्काने मिळाला आणि त्यावरच्या मालाला टनामागे १,३०० युरो. दरवाजा बंद झाला नाही, फक्त अरुंद झाला.

गोष्ट इथे संपत नाही. मीठ लावलेले मांस युरोपच्या नियमांत ताज्या मांसापेक्षा वेगळ्या वर्गात पडते. ताज्या कोंबडीत साल्मोनेलाच्या दोनच प्रकारांची तपासणी निर्णायक असते. खारवलेल्या मांसात मात्र कुठलाही साल्मोनेला सापडला तरी माल नाकारला जातो. २०१७ मध्ये ब्राझीलच्या पोलिसांनी मांस तपासणीतील लाचखोरी उघड केली होती आणि अनेक देशांचा विश्वास डळमळला होता. २०१८ मध्ये युरोपने ब्राझीलचे २० कारखाने यादीतून काढले. ब्राझीलने २०२१ मध्ये या साल्मोनेला नियमाविरुद्धही व्यापार संघटनेत दाद मागितली. शुल्क वाचवणाऱ्या मिठाने वीस वर्षांनी ही कडक तपासणी अंगावर आणली. युरोपचा नियम पूर्णपणे आरोग्याचाच आहे असे मला वाटत नाही, पण लाचखोरी उघडकीला आलेल्या देशाने तो केवळ व्यापारी अडथळा आहे असे म्हणणेही पटत नाही.

हे सगळे तुकडे कापतात माणसे. हाड काढण्याचे काम अजून बऱ्याच प्रमाणात हातानेच होते. थंड खोलीत, हातात सुरी, समोरून न थांबता येणारी रांग, दिवसभर मनगटाची तीच हालचाल. खांदे आणि मनगटे कायमची दुखावलेल्या कामगारांच्या तक्रारींतून २०१३ मध्ये ब्राझीलने कत्तलखान्यांसाठी खास सुरक्षा नियमावली आणली. कामाच्या मधल्या सक्तीच्या विश्रांतीचे प्रमाण तिने ठरवले. शीतगृहात काम करणाऱ्याला दर १ तास ४० मिनिटांनी २० मिनिटे विश्रांती, ही तरतूद तर तिथल्या जुन्या कामगार कायद्यातच आहे. सांता कातारिनातल्या शापेको आणि आसपासच्या शहरांत आता या रांगांवर हैती आणि व्हेनेझुएलातून आलेले स्थलांतरित मोठ्या संख्येने दिसतात, कारण स्थानिक तरुण हे काम सोडून जातात. जपानी ग्राहकाला हवा असलेला सुबक तुकडा या हातांतून येतो. निर्यातीच्या आकड्यांबरोबर या हातांचीही नोंद व्हायला हवी.

आणि मग येतो रोग. जगभर बर्ड फ्लूने शेडच्या शेड रिकामे होत असताना ब्राझीलच्या व्यावसायिक फार्मवर तो कधीच आला नव्हता. ही त्याची सर्वांत मोठी पुंजी होती. मे २०२५ मध्ये रिओ ग्रांदे दो सुलमधल्या मॉन्टेनेग्रो इथल्या एका पैदास फार्मवर तो सापडला. ब्राझीलने तो तातडीने जाहीर केला. चीन आणि युरोपीय संघ यांच्याशी ठरलेल्या प्रमाणपत्रांनुसार साऱ्या देशाचीच निर्यात तिकडे थांबली. जपानने मात्र फक्त त्या नगरपालिकेच्या हद्दीतला माल नाकारला, कारण तसा करार आधी झालेला होता. एकच फार्म, एकच विषाणू, पण कागद वेगळे म्हणून परिणाम वेगळे. दक्षिण आफ्रिकेत लगद्याचा तुटवडा पडून सॉसेज उद्योगाने ओरड केली. २८ दिवस व्यावसायिक फार्मवर नवी लागण न आढळल्यावर १८ जूनला ब्राझीलने स्वतःला रोगमुक्त जाहीर केले, तरी चीनने दार उघडले ते नोव्हेंबरमध्ये.

रोग सापडला तर सारा देश बंद करायचा की फक्त त्याचा परिसर, हा वाद भारतानेही लढून पाहिला आहे. फेब्रुवारी २००६ मध्ये नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापूरला देशातला पहिला बर्ड फ्लू आढळला. पुढे भारत बर्ड फ्लू नोंदवणाऱ्या कुठल्याही देशातून सरसकट आयात नाकारत असे. अमेरिकेने २०१२ मध्ये त्याविरुद्ध तक्रार केली आणि जून २०१५ मध्ये भारत अंतिम निकालात हरला. परिसर वेगळा काढण्याचे तत्त्व नाकारता येणार नाही, असे त्या निकालाने बजावले. मला हे तत्त्व मान्य आहे, पण एका अटीवर. पाठवणाऱ्या देशाने रोग लपवता कामा नये. मॉन्टेनेग्रोची बातमी ब्राझीलने दाबली असती तर जपानशी केलेला करार कागदावरच राहिला असता.

२०२५ च्या अखेरीस ब्राझीलची एकूण निर्यात आदल्या वर्षाच्या जवळपासच राहिली. चीन बंद झाला तर माल दुसरीकडे वळला, काही घरच्या बाजारात उतरला. देशाचा ताळेबंद सावरला. कोंकोर्दियाकडच्या शेतकऱ्याचा हिशेब मात्र बॅचवर चालतो. निर्यात अडली की कंपनी पिल्ले कमी टाकते किंवा उशिरा टाकते, आणि दोन बॅचमधले रिकामे दिवस वाढले की त्याचे वर्षाचे उत्पन्न घटते. शेडच्या कर्जाचा हप्ता त्या दिवसांसाठी थांबत नाही. हे रिकामे दिवस कोणी सोसायचे, हा प्रश्न २०१६ च्या कायद्याने नेमलेल्या समित्यांसमोर मांडता येतो. करारात त्याबद्दल एक ओळ असली तर निदान वाद घालायला जागा मिळते.

पुढच्या भागात : गोठवलेली तंगडी घानाच्या बाजारात उतरते तेव्हा तिथल्या कोंबडीपालकांचे काय होते.