१९७१ च्या लढाईतल्या आजोबांच्या आठवणी मोबाईलमध्ये कशा जपाल?

सातारा : अपशिंगे मिलिटरी हे गाव जिल्ह्यात सगळ्यांना माहीत. पहिल्या महायुद्धात गावचे ४६ जवान कामी आले. त्यांचं स्मारक गावात आहे. पण जे परत आले, त्यांनी तिकडं काय पाहिलं, हे स्वतःच्या तोंडानं सांगणारं आज कुणीच नाही.

आता वेळ १९७१ च्या जवानांची. तेव्हा विशीत असलेला गडी आज पंचाहत्तरीच्या घरात आहे. डिसेंबर १९७१ मध्ये जमालपूरला जंगी पलटण, म्हणजे मराठा लाईट इन्फंट्रीची पहिली बटालियन लढली, हे पुस्तकात सापडतं. पण रात्री खंदकात काय खाल्लं, घरचं पत्र कधी मिळालं, शेजारचा सोबती पडला तेव्हा काय झालं, हे त्या माणसालाच ठाऊक.

पीटर जॅक्सन यांचा २०१८ चा 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' हा माहितीपट असाच उभा राहिला. पहिल्या महायुद्धाची जुनी मुकी रिळं आणि त्यावर सैनिकांचेच आवाज. हे आवाज त्यांच्या उतारवयात टेप करून ठेवलेले होते, म्हणून पिक्चर झाला. अमेरिकेत तर २००० पासून तिथलं राष्ट्रीय ग्रंथालय सैनिकांच्या मुलाखती जमवतंय. घरच्यांनी केलेलं रेकॉर्डिंगही चालतं, फक्त ते किमान ३० मिनिटांचं आणि काटछाट न केलेलं हवं.

आपल्याकडं साधा मोबाईल पुरे. तो आडवा धरून कशावर तरी टेकवा, हातात नको. पंखा, टीव्ही बंद. चेहऱ्यावर खिडकीचा उजेड येऊ द्या. चित्रापेक्षा आवाज महत्त्वाचा. सुरुवातीला नाव, गाव, पलटण आणि तारीख बोलून घ्या.

"युद्ध कसं होतं?" असं विचारलं की दोन वाक्यांत उत्तर संपतं. "भरतीला कोणासोबत गेलात?", "घर सोडताना आई काय म्हणाली?" असं विचारा. जुना फोटो, मेडल हातात द्या. ते गप्प झाले तर लगेच दुसरा प्रश्न टाकू नका, थांबा. रडू आलं आणि नको म्हणाले, तर कॅमेरा बंद. सन किंवा जागा चुकली तरी मध्ये टोकू नका, ते नंतर डिस्चार्ज बुकावरून ताडता येतं. आजीलाही बसवा, मागं राहिलेल्यांची लढाई तिलाच माहीत.

व्हिडिओ व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा टाकला की दर्जा उतरतो, म्हणून डॉक्युमेंट म्हणून पाठवा. मूळ फाईल पेन ड्राईव्हवर आणि दुसऱ्या घरातल्या कॉम्प्युटरवर, अशी दोन ठिकाणी ठेवा. ग्रुपवर टाकण्याआधी मात्र आजोबांना विचारा.