साल्सा-संगीताचे वेचे

साल्सा या स्पॅनिश शब्दाचा मूळ अर्थ तोंडीं लावण्याचा चटकदार रस असा आहे. आणि हें नांव धारण करणारें संगीतही अनेक जिनसांचें मिळून सिद्ध झालें आहे. क्यूबा बेटांतील 'सोन' हा गीतप्रकार त्याचा पाया होय. त्यांत आफ्रिकेंतून गुलाम म्हणून आणिलेल्या लोकांचे ताल, प्वेर्तो रिकोचीं लोकगीतें व न्यू यॉर्कचें जॅझ यांची भर पडली.

सन १९६४ मध्यें जॉनी पाचेको व जेरी मसूची यांनीं न्यू यॉर्क येथें फानिया ही ध्वनिमुद्रिकांची कंपनी स्थापिली. पाचेको हे डॉमिनिकन प्रजासत्ताकांत जन्मलेले. पुढें तिच्यासाठीं गाणाऱ्या सेलिया क्रूझ यांनीं १९६० सालीं क्यूबा सोडिला होता. रूबेन ब्लेड्स हे पनामाचे. अशा निरनिराळ्या देशींच्या कलावंतांचीं निवडक गाणीं एकत्र करून काढिलेले संग्रह आज अनेक आहेत.

अशा वेच्यांत विशेष तें काय, असें कोणी विचारील. वाचनपुस्तकांतील वेच्यांनीं जें कार्य होतें, तेंच येथें होतें. ज्यास वीस तबकड्या घेण्याचें सामर्थ्य नाहीं, त्यास एकींतच अनेक गायक भेटतात. शिवाय गाणीं एकापुढें एक ऐकिलीं असतां, 'क्लावे' नामक लांकडी दांडक्यांचा पांच ठोक्यांचा ठेका सर्वांस कसा बांधून ठेवितो, हें कानास आपोआप कळतें. परंतु सर्वांत मोठी गोष्ट निराळीच आहे. मायभूमीस मुकलेल्या आईबापांच्या घरीं ती भूमि कधींही न पाहिलेलें मूल तिचा ताल ऐकत वाढतें.

तबकडीचा प्रभाव कोलंबियांतील काली शहरीं विशेष दिसला. तेथें हें संगीत मुख्यतः तबकड्यांवरूनच पोंचलें. मिनिटास ३३ फेऱ्यांची तबकडी तरुण मंडळी ४५ फेऱ्यांच्या गतीनें लावीत व त्या वेगानें नाचत. त्यांतूनच त्या शहराची स्वतःची शीघ्र नृत्यशैली निर्माण झाली!

तथापि निवडणें म्हणजे कांहीं वगळणेंही होय. प्रसिद्ध गायकांचीं तींच तींच गाणीं पुनःपुनः निवडलीं जातात, आणि ढोल व तुताऱ्या वाजविणाऱ्यांचीं नांवें मागें पडतात. म्हणून आमची विद्यार्थ्यांस सूचना अशी कीं, कोणताही संग्रह ऐकतांना वेष्टनावरील साथीदारांचीं नांवेंही वाचावीं. पालकांसही आमची विनंती आहे कीं, आपल्या लहानपणचीं गाणीं मुलांस ऐकवावीं व तीं कोणीं शिकविलीं हेंही सांगावें. आपण जें निवडून मुलांच्या हातीं देऊं, तेवढेंच पुढें उरतें.