फाळक्यांच्या घरातला कृष्ण

1913 साली ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामती झाले अण्णा साळुंके. पडद्यावर यायला बाईच मिळेना! सहा वर्षांनी त्याच चित्रपटाचे दिग्दर्शक दादासाहेब फाळके यांना ‘कालिया मर्दन’साठी कृष्ण मात्र घरातच मिळाला: चिमुरडी लेक मंदाकिनी.

चित्रपटाच्या सुरुवातीलाच तिचा चेहरा दिसतो. आवाज नाही, संवाद नाही. चेहऱ्यावर एकामागून एक भाव पालटत जातात. मग तीच कृष्ण होते, खोड्या काढते आणि थेट कालिया नागाच्या फण्यावर नाचते.

त्याआधी 1918च्या ‘श्रीकृष्ण जन्म’मध्येही तिने काम केले होते.

मूकपटांची बहुतेक रिळे नष्ट झाली; ‘कालिया मर्दन’चा बराच भाग वाचला. आज घरी बसूनही तो मोबाइलवर पाहता येतो. सुरुवातीचे प्रसंग चुकवू नका.